माळ उजाड नव्हता

आश्विन अर्धा सरला की सोलापूरच्या उत्तरेकडचा माळ रंग बदलतो. हिरवा जातो, आणि त्याच्या जागी जो येतो त्याला इतक्या वर्षांत मला नाव सापडलेलं नाही. पिवळा म्हणावा तर पिवळा नाही, तांबूस म्हणावा तर फक्त उन्हं कलल्यावर तांबूस. वारा आला की सगळं गवत एका अंगाला कलतं आणि वारा गेल्यावरही थोडा वेळ तसंच राहतं. त्या दिवसांत माळावर चार पावलं चाललं तरी पायजम्याला कुसळं लागतात. पुढं सुई, मागं शेपूट. घरी येऊन दिवसाच्या उजेडात, चष्मा लावून, एकेक काढत बसावं लागतं.

यंदा मला एका कॉलेजानं माळावर नेलं होतं. म्हणजे माळाच्या कडेला, जिथं आता झाडी आहे तिथं. सतरंज्या घातल्या होत्या. प्राध्यापक म्हणाले, "सोलापूर जिल्ह्यात पर्यावरण हा शब्द कुणाला माहीत नव्हता, तेव्हापासून सर लिहितायत. तुम्ही ज्या सावलीत बसलाय ना, ती सरांच्या लेखणीची सावली आहे." टाळ्या झाल्या. शाल आली, नारळ आला. शिक्षण किती, हे परिचयात कुणी वाचत नाही. मी पहिल्याच फोनला सांगून ठेवतो की तेवढं वगळा. एवढं वय झालं, तरी परिचय सुरू झाला की वाटत राहतं. आत्ता कुणी तरी विचारेल, आत्ता विचारेल.

एका मुलीनं विचारलं, "सर, तुम्ही या विषयाकडे कसे काय वळलात?"

मी नेहमीचं उत्तर दिलं. बहात्तरचा दुष्काळ पाहिला, मन हललं, लिहू लागलो. उत्तर देताना मी समोरच्या गिरिपुष्पाच्या झाडांकडे बघत होतो. रांगेत लावलेली, सगळी एका उंचीची. काही वाटलं नाही. कधीच वाटत नाही. त्या झाडांकडे बघताना माझ्या आत जे व्हायला पाहिजे ते होत नाही, आणि याची मला इतकी सवय झाली आहे की मी शांतपणे नारळ पिशवीत टाकून घरी येतो.

पण त्या मुलीला मी खरं सांगितलं नव्हतं.

मी इकडचा नव्हे. कोकणातला, खाडीकाठचा. सातवीपर्यंतची शाळा गावात होती, आठवीची खाडीपलीकडे. पावसाळ्यात होडी बंद असायची. एका पावसाळ्यात बंद झाली, पुढं सुरू झाली, पण मी गेलो नाही. कुणी रागावलंही नाही. गावचा एक माणूस सोलापुरात गिरणीत होता, त्याच्या मागं मागं आलो. गिरणीनं घेतलं नाही. मग एका दैनिकाच्या छापखान्यात चिकटलो.

सोलापूरचा पहिला उन्हाळा म्हणजे मला वाटलं, हे जग संपल्यावरचं गाव आहे. दुष्काळ सरून थोडेच दिवस झाले होते. सकाळी गिरणीचा भोंगा व्हायचा आणि त्या आवाजानंच ऊन चढायला लागल्यासारखं वाटायचं. भात नाही, मासा नाही. भाकरी इतकी कडक की पहिल्या दिवशी मी ती ताट समजून बाजूला ठेवली, आणि खाणावळीतले लोक पोट धरून हसले. रविवारी सायकल घेऊन मी गावाबाहेर जायचो. जिकडं बघावं तिकडं उघडं. डोळा कुठंच अडत नाही. आमच्याकडं दहा पावलांवर डोळ्याला काही ना काही लागतं, फणस, दगडांचा गडगा, कुणाची तरी पडवी. इथं नजर सोडली की ती परतच येत नाही. त्या मोकळ्या माळावर उभं राहिलं की मला रडू यायचं. तेव्हा यायचं.

छापखान्यात मला उभं केलं ते नरसय्यांनी. पद्मशाली घरातले, घरी तेलुगू, आमच्याशी मराठी, आणि छपाईच्या शिशाच्या अक्षरांशी, म्हणजे खिळ्यांशी, बहुतेक दोन्ही. मोठे भाऊ मागावर बसले, हे खिळ्यांकडे आले. शेकडो खणांची ती मराठीची पेटी, त्यात कुठलं अर्धं अक्षर कुठल्या खणात हे त्यांनी मला हाताला धरून शिकवलं. "डोळ्यानं नाही शोधायचं बे, बोटानं शोधायचं. बोटाला कळतंय." शिशानं बोटांची टोकं काळी आणि जाड होत गेली. पुढं पुढं गरम चहाचा पेला धरला तरी चटका कळायचा नाही.

मालक आणि संपादक एकच, अप्पा. लिंगायत घरातले, पांढरं धोतर, खिशाला दोन पेनं. एकदा जुळणी करता करता मी एका बातमीतली चूक परस्पर दुरुस्त केली. अप्पांनी बोलावून घेतलं. मी हात पुसत गेलो. वाटलं, संपलं, आता परत खाडीकाठी. अप्पा म्हणाले, "हे तू बदललंस?"

"चुकलं अप्पा."

"चुकलेलं ते होतं की. तू बरोबर केलंस. लिहितोस का काही?"

मला कागदावर लिहायची लाज होती. हस्ताक्षर सातवीतलं, तिथंच थांबलेलं. म्हणून मी काय करायचो, तर लिहायचोच नाही. पेटीसमोर उभा राहून, हातात स्टिक, म्हणजे खिळे रचायची पट्टी, धरून, मनातलं वाक्य थेट खिळ्यांत जुळवायचो. हस्तलिखित नाही, खाडाखोड नाही. नरसय्या चेष्टा करायचे, "सगळी दुनिया कागदावर लिहून शिशात आणती, ह्यो कोकण्या शिशातच विचार करतो." जुळवून झालं की दोरीनं बांधायचं, शाई फिरवायची, ओला कागद ठेवून प्रूफ काढायचं, आणि ते अप्पांसमोर ठेवायचं. माझं पहिलं अक्षर अप्पांनी छापलेलंच पाहिलं.

असं मी माळावर लिहिलं. 'उजाड माळ' या मथळ्याखाली, ओळीनं कितीतरी आठवडे. ही जमीन मेली आहे, हिला झाडं द्या, हिला हिरवं करा. दुष्काळातून उठलेल्या लोकांना ते पटलं. मला काय माहीत होतं त्या जमिनीचं? काही नाही. मला घर आठवत होतं. खाडीकाठचं हिरवं मला पाहिजे होतं आणि ते मी सोलापूरकडे मागत होतो. पण अप्पांनी ते उचलून धरलं, गावातल्या मोठ्या मंडळींची एक समिती झाली, सरकारी खातंही आलं. पावसाच्या तोंडाला अर्ध्या माळावर खड्डे झाले, रोपं लागली, तारेचं कुंपण पडलं. शाळेच्या मुली कळशीनं पाणी घालायला गेल्या. अप्पांचा सत्कार झाला. अप्पांनी स्टेजवरून मला वर बोलावलं आणि आपल्या गळ्यातला हार माझ्या गळ्यात घातला. त्या हाराच्या ओझ्यापुढं मी आयुष्यभर वाकून राहिलो तरी कमीच, असं मला तेव्हा वाटलं. आजही वाटतं.

पुढच्या आश्विनात मी 'वर्षानंतरचा माळ' लिहायला गेलो. कुंपणापाशी म्हाळाप्पा भेटला. धनगर, साठीचा असेल, खांद्यावर घोंगडी, पुढं मेंढरं. गवत कुंपणाच्या आत आणि मेंढरं बाहेर. मेंढरं तारेतून तोंड घालून जेवढं मिळेल तेवढं ओढत होती.

मी मोठ्या उत्साहानं विचारलं, "काय मामा, माळ हिरवा झाला की नाही?"

"तू कोन?"

मी पेपरचं नाव सांगितलं. त्यानं मला खालपासून वरपर्यंत बघितलं.

"म्हंजी त्यो तूच व्हय? कुटला तू?"

"कोकणातला."

"तरीच." तो खाली बसला, मलाही बसवलं. "तुज्या मुलखात झाडं असतील बाबा. हितं गवत असतंय. ह्यो माळ उजाड हाय म्हून कुनी सांगितलं तुला?"

"दिसतंच आहे की."

"दिसतंय व्हय? बस हितं. गप बस. लई हालू नगंस."

बसलो. अर्धा तास गेला असेल. गवतात काहीच नव्हतं, आणि मग हळूहळू सगळं होतं. लावे, सरडे, एक ससा. मुंग्यांची वाट. आणि लांब, कुंपणाच्या पलीकडच्या, अजून न खणलेल्या अर्ध्या माळावर, एक मान वर आली. उंच, फिक्कट, माणसासारखी सावध. माळढोक. इकडं त्याला हूम म्हणतात, पावसाळ्यात नराचा आवाज तसा येतो म्हणून.

"मादी हाय ती," म्हाळाप्पा म्हणाला. "बारकं पिलू हाय संगं. एकच अंडं घालती, उघड्या भुईवर. आदी ह्या अंगाला बसायची." त्यानं कुंपणाकडं हात केला. "चर काढला तितं, त्याच जाग्यावर. आता येत न्हाय. तिला लांबचं दिसाय लागतंय. झाड आलं की तिला भ्या. झाडामागं कोन हाय, तिला काय ठावं?"

"आता हा अर्धा माळ आहे की तिला."

"हाय की. दसरा झाला की ह्योबी खांदत्यात. भुई वली हाय तवर खड्डं पाडायचं म्हनत्यात." तो हसला. "तूच लिवलंस ना, समदा हिरवा करा म्हून? मंग?"

मी सायकल हातात धरून परत आलो. चढून बसायचं लक्षातच आलं नाही.

लिहिलं मी. त्याच दिवशी दुपारी, पेटीसमोर उभा राहून. 'माळ उजाड नव्हता.' मी बाहेरून आलो, मला कळलं नाही, गवत हेच इथलं पीक आहे, उरलेला अर्धा माळ खणू नका, असं सरळ. म्हाळाप्पाचं बोलणं जसंच्या तसं घातलं. खाली माझं नाव. नरसय्यांनी प्रूफ काढलं, वाचलं, आणि लगेच दुसरंही काढलं. एक अप्पांच्या टेबलावर ठेवलं. दुसरं माझ्या हातात होतं तेवढ्यात दारात म्हाळाप्पा उभा. मेंढरं पोराकडं सोडून मंगळवारच्या बाजाराला आला होता, म्हणून विचारत विचारत आला.

"लिवलंस का?"

मी ते लांबोळकं प्रूफ त्याच्या हातात दिलं. "हे बघा मामा. तुमचंच आहे सगळं."

त्यानं शाईला बोट लावून बघितलं. घडी घातली, पटक्याच्या आत खोचली. वाचता येत नव्हतं त्याला. पेपर कसा असतो हे त्याला कुठून माहीत? मेंढरामागं बाराही महिने रानात. छापलेलं होतं, माझ्या हातचं होतं, त्याच्यासाठी तो पेपर होता. मला कळत होतं की त्याला तसं वाटतंय. मी म्हणालो नाही, की हे अजून यायचं आहे. उद्या येईलच, असं मनात धरलं होतं.

अप्पांनी प्रूफ दोनदा वाचलं. मग चष्मा काढला.

"खरं आहे का हे?"

"खरं आहे अप्पा."

"चांगलं लिहिलंयस." ते खिडकीतून बाळीवेशीकडं जाणारी सायकलींची रांग बघू लागले. "पण बाबा, लोकांनी घरची प्यायची कळशी नेऊन त्या झाडांना घातलीय. बायका अनवाणी गेल्यात. त्यांना आता काय सांगू, चुकलं म्हणून? परत कधी ऐकतील आपलं? आणि माणसं काय म्हणतील, ह्या पोराचं काय खरं धरायचं?" त्यांनी प्रूफ माझ्याकडं सरकवलं. "थोडं थांब. पुढच्या साली लिही."

सातवीवाल्याला इथं कुणी उभं केलं, हे त्यांनी काढलं नाही. काढलं असतं तर बरं झालं असतं. मी "बरं अप्पा" म्हणालो, प्रूफ रद्दीत टाकलं आणि पेटीकडं गेलो. जुळवलेला मजकूर छापायचा नसेल तर सोडावा लागतो; खिळे आपापल्या खणात परत टाकायचे, उद्याच्या बातमीला लागतात. तो मी सोडला. नरसय्या म्हणाले, "ठेव की रे दोन दिवस, कुणाला नडतंय?" मी ऐकलं नाही. 'माळ' मधला म, ळ, 'नव्हता' मधला अर्धा व, सगळे आपापल्या खणात गेले. खणात खिळा पडल्याचा टिक् असा आवाज होतो. एकेक आवाज होत होता आणि माझं अंग हलकं होत होतं. हे मी कुणाला सांगितलेलं नाही. मला वाईट वाटायला हवं होतं; मला सुटल्यासारखं वाटलं. नावासकट चुकीची कबुली छापून येणार नव्हती. कुणी म्हणणार नव्हतं, बघा, सातवी पास. आणि दोष अप्पांचा होता, माझा नाही.

त्यानंतर कशाचंच फारसं काही वाटेनासं झालं, ते तिथूनच धरतो मी.

दसरा झाला. चार-पाच दिवसांनी, दुपारी, छापखाना पूर्ण चालू असताना म्हाळाप्पा परत आला. पटक्यातून प्रूफ काढून त्यानं माझ्यासमोर टेबलावर पसरलं. घड्यांवर ते फाटायला आलं होतं.

"खांदाय आली मानसं," तो म्हणाला. "मी ह्यो कागूद दाखिवला. मुकादमाला वाचता येतंय. त्येनं मोठ्यानं वाचला, समद्यांनी ऐकला. माजं बोलनं त्येच्या तोंडातनं आयकलं मी, जसंच्या तसं. लई ग्वाड वाटलं बग. मुकादम म्हनला, पेपरात आलंय, आता वरून काय तरी हुकूम येतूय, तवर थांबू. कुदळी ठिवल्या त्येंनी."

नरसय्यांचे हात थांबले होते.

"दोन दिस थांबलं काम. तिसऱ्या दिशी सायब आलं. त्येंनी कागूद हातात घितला आन उलटा केला." म्हाळाप्पानं तसाच तो उलटा केला. मागं पांढरं. "म्हनलं, मामा, पेपरला पाठ असती. ह्येला पाठच न्हाय. समदी हसली. मीबी हसलो. मला काय ठावं, पेपरला पाठ असती म्हून?"

तो रागावलेला नव्हता. विचारायलाच आला होता.

"तू छापनारच नव्हतास का रं?"

मी म्हणालो, "छापणार होतो मामा." पुढचं वाक्य तोंडात आलं होतं, अप्पा नको म्हणाले. तेवढ्यात बघितलं तर अप्पा दारात उभे. त्यांनी सगळं ऐकलं होतं. ते आत आले, स्वतः स्टूल ओढून म्हाळाप्पाला बसवलं, चहा सांगितला.

"त्या पक्ष्याचं काय झालं?" अप्पांनी विचारलं.

"त्या दोन दिसात ती पिलू घिऊन गेली की पल्याड, वड्याच्या अंगाला," म्हाळाप्पा म्हणाला. "काम थांबलं म्हून गेली. न्हायतर पिलू कुटलं ऱ्हातंय? ह्या पोराचा कागूद दोन दिस चालला, मालक." त्यानं चहा बशीत ओतला, फुंकर घातली. "अजून बक्कळ खांदायचं हाय. आठ दिस लागतील त्येंस्नी."

तो गेल्यावर अप्पांनी त्याची रिकामी कपबशी उचलून बाजूला ठेवली. मग माझ्याकडं न बघता म्हणाले, "जुळवलेलं आहे का अजून?"

"सोडलं अप्पा."

"परत जुळव. उद्या पहिल्या पानावर घेऊ. काय व्हायचं ते होईल. मी बघतो." आणि आपल्या खोलीत गेले.

प्रूफ समोर होतं. बघून जुळवायला तासभर लागला असता. मी स्टिक हातात घेतली. 'म' च्या खणाकडं हात नेला आणि तो तिथंच राहिला. मगाशी ज्यांच्या आडोशाला मी उभा होतो ते अप्पाच आता बाजूला झाले होते, आणि मी, माझं नाव, माझी सातवी, सगळं उघड्यावर आलं. माळावर यायचं तसं रडू तरी यावं, तेही नाही. बोटांना खिळा लागत होता का, तेही कळेना. नरसय्या बघत होते. ते म्हणाले, "जुळव की बे. आता कोण अडवतंय तुला?"

मी अप्पांच्या दारात गेलो आणि म्हणालो, "अप्पा, आज जागा नाही होणार. उद्या करतो."

त्यांनी चष्म्यावरून बघितलं. फार वेळ नाही, थोडाच. "बरं," म्हणाले. परत त्यांनी कधी विचारलं नाही. एवढं मोठं मन होतं त्यांचं, आणि त्याचाही मी फायदाच घेतला.

आठ दिवसांत उरलेले खड्डे झाले. त्या दिवाळीत म्हाळाप्पा मेंढरं घेऊन खाली कर्नाटकात उतरला, नेहमीपेक्षा लवकर. पुढं मी नद्यांवर लिहिलं, गिरण्यांच्या रंगाच्या पाण्यावर लिहिलं, धरणावर लिहिलं. बरंचसं बरोबर लिहिलं. आधी माणसांना विचारायचं, मग लिहायचं, हे मी तिथं शिकलो, आणि लोकांनी त्याला अभ्यास म्हटलं.

त्या दुपारी मात्र अप्पांच्या दारातून मी परत पेटीपाशी आलो. त्या दिवसांत कागदाची टंचाई होती; छापखान्यात कोरी बाजू कुणी वाया घालवत नसे. मी म्हाळाप्पानं ठेवलेलं प्रूफ उलटं केलं, पेन्सिल घेतली, आणि माझ्या सातवीतल्या अक्षरात, पहिल्यांदाच कागदावर, उद्याच्या अंकात काय काय घ्यायचं त्याची यादी केली. नगरपालिकेची सभा. गिरणी कामगारांचा मेळावा. कुस्त्यांचा निकाल. यादी पान भरून झाली. माळ त्यात नव्हता.